दहावीचे इंग्रजी आणि घरातला फोन : एका नव्या अभ्यासक्षेत्राची प्रस्तावना

परीक्षेचा विषय निघाला की महाराष्ट्रात नांदेड आणि लातूर ही दोन नावे घेतली जातात, आणि दोन्ही नावांपुढे 'पॅटर्न' हा शब्द जोडलेला असतो. लातूर पॅटर्न ऐंशीच्या दशकापासून रुजला. राजर्षी शाहू आणि दयानंद ही त्याची दोन ठळक महाविद्यालये. नियमित तास, सराव परीक्षांची रांग, जुन्या प्रश्नपत्रिका पुन्हा पुन्हा सोडवणे आणि तपासलेली उत्तरपत्रिका विद्यार्थ्याच्या हातात देऊन गुण कुठे गेले ते दाखवणे, एवढ्यावर तो उभा राहिला. नांदेड पॅटर्न पुढचा, 2010 च्या सुमाराचा. तेव्हाचे जिल्हाधिकारी श्रीकर परदेशी यांनी कॉपीमुक्त परीक्षेचे अभियान हाती घेतले आणि ते जिल्ह्याच्या नावानेच ओळखले जाऊ लागले. एका पॅटर्नचा भर भरपूर सरावावर होता, दुसऱ्याचा प्रामाणिक पेपरवर.

या दोन गोष्टी शेजारी ठेवण्याचे कारण असे, की आज दहावीच्या मुलाच्या हाती आलेला फोन या दोन्हींशी थेट भिडतो. तोच फोन सराव करून घेऊ शकतो आणि तोच तयार उत्तरही पुरवू शकतो. डिजिटल साधनांनी माध्यमिक इंग्रजीचा अभ्यास कसा होतो हा आपल्याकडे अजून नीट न मांडलेला विषय आहे. त्यात उतरू पाहणाऱ्या शिक्षकांसाठी, बी.एड. आणि एम.एड.च्या विद्यार्थ्यांसाठी, आणि मुलाच्या हाती फोन द्यावा की काढून घ्यावा या विचारात पडलेल्या पालकांसाठी ही प्रस्तावना लिहिली आहे. माझे म्हणणे सुरुवातीलाच सांगतो. साधन विद्यार्थ्याकडून इंग्रजी बोलून, ऐकून, लिहून घेते की त्याच्या ऐवजी स्वतःच लिहून देते, या एका प्रश्नावर प्रत्येक साधनाची पारख करावी. ते महाग आहे की फुकट, नवे आहे की जुने, हे प्रश्न त्यानंतरचे.

प्रस्तावना लिहायला बसलेल्या नांदेडच्या माणसाला नरहर कुरुंदकरांची आठवण होणे अटळ आहे. 'श्रीमान योगी'ला त्यांनी लिहिलेली प्रस्तावना कादंबरीइतकीच वाचली गेली, कारण तिने पुस्तकाची ओळख करून देण्यावर न थांबता विषयच नव्याने मांडला. तेवढी झेप या लेखाची नाही. पण विषय पायापासून मांडावा ही शिकवण त्यांचीच आहे.

पाया म्हणजे इथला इतिहास. 17 सप्टेंबर 1948 पर्यंत हा मुलूख निजामाच्या राज्यात होता आणि राज्यकारभाराची भाषा उर्दू होती. 1918 साली हैदराबादला निघालेल्या उस्मानिया विद्यापीठात शिक्षणाचे माध्यम उर्दू होते आणि इंग्रजी हा सक्तीचा विषय होता. घरात मराठी, शाळेत उर्दू आणि वर इंग्रजी, अशा तिहेरी ओझ्याखाली एक पिढी शिकली. मुक्तीनंतर माध्यम बदलले, इंग्रजी विषय म्हणून राहिले. पुढे महाराष्ट्रात बरीच वर्षे ते पाचवीपासून सुरू होत असे. 2000 साली शिक्षणमंत्री रामकृष्ण मोरे यांनी ते पहिलीपासून आणले. त्या निर्णयावर तेव्हा बरीच टीका झाली, पण आज खेड्यातला मजूरही इंग्रजी हवेच म्हणतो. हवे असणे आणि येणे यांतले अंतर हाच आपल्या अभ्यासाचा विषय आहे.

एक दुवा इथे सांगायलाच हवा. राजर्षी शाहू महाविद्यालयाचे पहिले प्राचार्य डॉ. जनार्दन वाघमारे हे मुळात इंग्रजीचे प्राध्यापक आणि अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या साहित्याचे अभ्यासक. 1994 साली नांदेडला स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ स्थापन झाले तेव्हा त्याचे पहिले कुलगुरूही तेच झाले. लातूर पॅटर्नचे नाव विज्ञान शाखेशी आणि वैद्यकीय प्रवेशाशी जोडले गेले. पण त्याच्या जडणघडणीत एका इंग्रजीच्या माणसाचा वाटा होता, हे इंग्रजीच्या शिक्षकांनी विसरू नये.

आता प्रश्नपत्रिका. लातूर विभागीय मंडळाच्या हद्दीत लातूर, नांदेड आणि धाराशिव हे तीन जिल्हे येतात. इथल्या बहुसंख्य मुलांसाठी इंग्रजी ही तृतीय भाषा आहे आणि पाठ्यपुस्तक आहे बालभारतीचे 'माय इंग्लिश कोर्सबुक'. सेमी इंग्रजीची मुले गणित आणि विज्ञान इंग्रजीतून लिहितात, तरी त्यांचा इंग्रजीचा पेपर हाच. लेखी परीक्षा 80 गुणांची. त्यात भाषाभ्यासाला 10, पुस्तकातल्या उताऱ्यांना 20, कवितेला 10, पुस्तकाबाहेरच्या उताऱ्याला 15, लेखनकौशल्याला 20 आणि भाषांतराला 5 गुण. ही विभागणी शिक्षकांना पाठ असते, पण तिचा अर्थ फार थोडे जण लावतात. पुस्तकातून थेट येणारे गुण 30. उरलेले 50 गुण अशा मजकुरावर आहेत, जो मुलाने परीक्षेच्या दिवशी पहिल्यांदाच पाहायचा आहे किंवा स्वतः रचायचा आहे. गाईड आणि अपेक्षित प्रश्नसंच पाठ करण्याची आपली जुनी पद्धत त्या 30 गुणांच्या कुंपणात चालते. कुंपणाबाहेर मुलाला भाषाच लागते.

लेखनकौशल्यातला एकच प्रश्न जवळून पाहू. एखादा तक्ता किंवा आलेख दिलेला असतो आणि त्यावरून परिच्छेद लिहायचा असतो. समजा, पाण्याचा वापर दाखवणारा वर्तुळालेख आला आहे : शेतीला इतके टक्के, घरगुती वापराला इतके. आकडे समोर आहेत, विषय मराठवाड्यातल्या मुलाच्या रोजच्या जगण्यातला आहे, म्हणजे सांगण्यासारखे त्याच्याकडे पुष्कळ आहे. अडते ते वाक्यापाशी. मराठीत क्रियापद शेवटी येते, इंग्रजीत कर्त्याच्या पाठोपाठ. मराठीत 'अ', 'अ‍ॅन', 'द' नाहीत, म्हणून ते एक तर गळतात किंवा जिथेतिथे पेरले जातात. तुलना करायची म्हटली की विशेषणाचे रूप चुकते. या मुलाने अशा प्रकारची चार वाक्ये नीट कमावली, तर कुठलाही आलेख आला तरी तो अडत नाही. ही चार वाक्ये कमवायला कोणते साधन उपयोगी पडेल, असा प्रश्न विचारला की ॲपच्या जाहिरातींतले बरेचसे आपोआप गळून पडते.

साधने आली ती लाटेलाटेने. सप्टेंबर 2016 मध्ये जिओ आले आणि डेटा इतका स्वस्त झाला की कंधार-मुखेडच्या वाडीतही व्हिडिओ दिसू लागले. पुढच्याच वर्षी केंद्र सरकारचे 'दीक्षा' व्यासपीठ सुरू झाले आणि पाठ्यपुस्तकातल्या पाठांवर क्यूआर कोड दिसू लागले. या कल्पनेचे एक मूळ आपल्या शेजारच्या सोलापूर जिल्ह्यात आहे. परितेवाडीच्या जिल्हा परिषद शाळेतले शिक्षक रणजितसिंह डिसले यांनी पुस्तकांना कोड जोडण्याचा प्रयोग केला आणि 2020 साली त्यांना जागतिक शिक्षक पुरस्कार मिळाला. ई-बालभारतीवर पुस्तके पीडीएफ रूपात फुकट मिळतात. त्यात भर पडली गूगलच्या 'रीड अलाँग'ची : मूल मोठ्याने वाचते, ॲप ऐकते आणि अडखळलेला शब्द म्हणून दाखवते. एकदा गोष्टी उतरवून घेतल्या की नेट नसतानाही ते चालते, आणि ग्रामीण भागात याच गुणाची किंमत सर्वांत मोठी. मग नोव्हेंबर 2022 मध्ये चॅटजीपीटी आले आणि तयार उत्तराचा प्रश्न नव्याने उभा राहिला.

मधल्या कोविडच्या काळाने एक मोठा धडा दिला आणि तो या क्षेत्राच्या केंद्रस्थानी ठेवायला हवा. 2021 ची दहावीची परीक्षाच झाली नाही. अंतर्गत मूल्यमापनावर निकाल लागला, 99.95 टक्के. 2022 ला लेखी परीक्षा परत आली तेव्हा मंडळाला मोठ्या पेपरसाठी अर्धा तास वाढवून द्यावा लागला, कारण दोन वर्षांत मुलांचा लिहिण्याचा सराव तुटला होता. पडद्यावर शिकलेली मुले कागदावर अडखळत होती. हा विरोधाभास आजही कायम आहे. अभ्यास पडद्यावर होतो, परीक्षा पेनाने होते. फोनच्या कीबोर्डवर दोन अक्षरे टाइप केली की शब्द पुढे येतो, स्पेलिंग आपोआप सुधारते. मुलाला वाटते की आपल्याला हा शब्द येतो. परीक्षेच्या हॉलमध्ये ते सुचवणारे कुणी नसते.

म्हणून माझे एक ठाम मत आहे. फोनवरची सर्वांत उपयोगी दोन साधने म्हणजे कॅमेरा आणि रेकॉर्डिंगचे बटण. ॲनिमेशनचे धडे, रंगीत प्रश्नमंजूषा, बक्षिसाचे तारे हे सगळे त्यांच्या मागे. कॅमेऱ्याचा उपयोग असा : मुलाने वहीत पेनाने पत्र लिहावे, त्याचा फोटो शिक्षकाला पाठवावा, शिक्षकाने फोटोवरच लाल खुणा करून परत पाठवावा आणि मुलाने तेच पत्र दुसऱ्यांदा लिहावे. लातूर पॅटर्नमधली 'तपासलेली उत्तरपत्रिका हाती देणे' ही गोष्ट अशाने वाडीवस्तीपर्यंत पोचते. फक्त दुसऱ्यांदा लिहिणे गाळले, तर सगळाच खटाटोप फुकट जातो.

रेकॉर्डिंगचे महत्त्व त्याहून कमी ओळखले गेले आहे. दहावीच्या 100 पैकी 20 गुण तोंडी आणि अंतर्गत मूल्यमापनाचे असतात. 2019 च्या परीक्षेत भाषांचे हे गुण काढून टाकले होते, त्या वर्षी राज्याचा निकाल 89.41 वरून 77.10 टक्क्यांवर आला आणि पुढे ते गुण परत आणले गेले. परत आले तेव्हा पालकांनी सुटकेचा श्वास सोडला. पण हे गुण बहुतेक ठिकाणी उदार हाताने वाटले जातात आणि बोलणे तसेच राहून जाते. आपल्याकडच्या मुलाचे इंग्रजी ऐका. 'स्कूल'चे 'इस्कूल' होते, 'झेड'च्या जागी 'झ' किंवा 'ज' येतो, 'शिप' आणि 'शीप' एकच ऐकू येतात. यात लाज वाटण्यासारखे काही नाही. प्रत्येक मातृभाषा आपली छाप सोडतेच. पण मुलाने तीस सेकंदांचा परिच्छेद वाचून रेकॉर्ड केला आणि शिक्षकांच्या नमुन्याशेजारी ठेवून ऐकला, तर फरक त्याचा त्यालाच कळतो. दुसरी युक्ती व्हॉइस टायपिंगची. 'शीप' म्हटल्यावर पडद्यावर जहाज उमटले की मूल हसते आणि पुन्हा म्हणते. तिसऱ्या-चौथ्या वेळी मेंढी उमटते. कुणी रागावत नाही, वर्गात कुणी फिदीफिदी हसत नाही. लाजाळू मुलांसाठी एवढा एकांत फार मोलाचा असतो. शिवाय आवाजाच्या संदेशाला व्हिडिओच्या मानाने डेटा नगण्य लागतो. संध्याकाळपर्यंत रोजचा डेटा संपलेल्या घरात हाच हिशेब निर्णायक ठरतो.

सरावाला सिद्धान्ताचाही आधार आहे, आणि या क्षेत्रात येणाऱ्याने तो वाचावा. हेर्मान एबिंगहाउस या जर्मन मानसशास्त्रज्ञाने 1885 साली स्वतःवर प्रयोग करून विस्मरणाचा वेग मोजला. 2006 साली रोडिगर आणि कार्पिक या अमेरिकन संशोधकांनी विद्यार्थ्यांना उतारे दिले. काहींनी उतारा पुन्हा वाचला, काहींनी न पाहता आठवून लिहिला. पाच मिनिटांनी चाचणी घेतली तेव्हा पुन्हा वाचणारे पुढे होते, आठवड्यानंतर घेतली तेव्हा आठवून लिहिणारे. लातूरच्या प्राध्यापकांनी सराव परीक्षांवर भर दिला तेव्हा हा प्रयोग व्हायचा होता. त्यांना ते वर्गातल्या अनुभवातून उमगले होते. आज 'आंकी'सारखे फुकट साधन शब्द ठरावीक अंतराने पुन्हा समोर आणते, विसरायला आलेला शब्द आधी विचारते. पण नुसता व्हिडिओ पाहणे हे पुन्हा वाचण्यासारखेच आहे. पाहताना सगळे समजल्यासारखे वाटते, आठवड्याने हाती काही लागत नाही. व्हिडिओ अर्ध्यावर थांबवून वहीत लिहायला लावणारा शिक्षक इथे लाख मोलाचा.

आता नांदेड पॅटर्नचा धागा. कॉपीमुक्तीचा पहारा परीक्षा केंद्राच्या दारापर्यंत असतो, घरातल्या कॉपीवर पहारा बसत नाही. पत्र लिहायला दिले की कृत्रिम बुद्धिमत्ता क्षणात लिहून देते, तेही निर्दोष. मुलगा ते वहीत उतरवतो. शिक्षकांना शंका येते, पण पुरावा नसतो. बंदी घालून हे थांबेल असे मला वाटत नाही. क्रम उलटा करावा लागेल : आधी मुलाने आपले पत्र लिहायचे, मग यंत्राला म्हणायचे, 'यातल्या चुका दाखव, पत्र लिहून देऊ नको', आणि त्या चुका कळल्यावर पत्र हाताने पुन्हा लिहायचे. भाषांतराच्या 5 गुणांचेही तसेच. गूगल ट्रान्सलेटचे उत्तर आधी पाहिले तर काहीच शिकणे होत नाही. आपले वाक्य आधी लिहून मग ते ताडून पाहिले, तर दोन वाक्यांतला फरक हाच धडा होतो. अर्थात यंत्राने दाखवलेली चूक खरोखर चूक आहे का, आणि मंडळाच्या आराखड्यात ते उत्तर बसते का, हे शिक्षकांनाच पाहावे लागते. यंत्र पुष्कळदा आत्मविश्वासाने चुकते. शिक्षकाचे काम त्यामुळे कमी झालेले नाही, वाढले आहे.

साधन कुणाच्या हाती आहे हा प्रश्न मात्र सर्वांत कठीण. 'असर 2023' या सर्वेक्षणात 14 ते 18 वर्षांच्या ग्रामीण मुलामुलींची पाहणी झाली आणि महाराष्ट्रातून त्यासाठी नांदेड जिल्हा निवडला होता. देशभरातले चित्र असे : जवळपास 90 टक्के मुलांच्या घरात स्मार्टफोन होता. पण फोन वापरता येणाऱ्यांपैकी स्वतःचा फोन असलेले मुलगे 43.7 टक्के, मुली 19.8 टक्के. इंग्रजीतली साधी वाक्ये वाचू शकणारी मुले निम्म्याहून थोडी जास्त. मुलीच्या वाट्याला फोन येतो तो वडील शेतातून किंवा दुकानातून परतल्यावर, भावाचा खेळ संपल्यावर, स्वयंपाकाला हातभार लावून झाल्यावर. तेव्हा रात्रीचे नऊ-साडेनऊ झालेले असतात. अशा मुलीसाठी तासाभराचा ऑनलाइन वर्ग निरुपयोगी आहे. दहा मिनिटांत उतरवून घेता येईल आणि नंतर फोन नसतानाही वहीत करता येईल असे काम हवे. साधनांची रचना करणाऱ्यांनी तिला डोळ्यांसमोर ठेवावे, असे मला मनापासून वाटते.

ऊसतोडीला जाणाऱ्या कुटुंबांचे आणखी वेगळे. मुखेड, कंधार, लोहा, जळकोट, अहमदपूर या पट्ट्यातून टोळ्या दसरा-दिवाळीच्या आसपास निघतात आणि हंगाम संपायला मार्च-एप्रिल उजाडतो. दहावीची परीक्षा नेमकी त्याच हंगामात पडते. फोन आईवडिलांबरोबर कारखान्यावर, मूल आजीजवळ किंवा हंगामी वसतिगृहात. तिथे एका सामायिक टॅबवर आठवड्याचे काम उतरवून ठेवणे शक्य आहे का, शिक्षकांचा आवाज वसतिगृहाच्या स्पीकरवर ऐकवता येईल का, याचा अभ्यास व्हायला हवा. तंत्रज्ञानापेक्षा वेळापत्रकाचा प्रश्न इथे मोठा आहे.

आणि भाषांचे काय? किनवट-माहूरच्या गोंड आणि कोलाम मुलांसाठी, तांड्यावरच्या गोरमाटी बोलणाऱ्यांसाठी, देगलूर-बिलोलीच्या तेलुगू घरांसाठी, उदगीरकडच्या कन्नड घरांसाठी मराठीच मुळात शाळेची भाषा आहे. इंग्रजीतला शब्द मराठीत समजावला की तो घरापर्यंत पोचला असे होत नाही. नांदेडच्या उर्दू माध्यमाच्या शाळांत मूल एका तासाला उजवीकडून डावीकडे लिहिते आणि पुढच्या तासाला डावीकडून उजवीकडे. उच्चार ओळखणारी ॲप्स या सगळ्या मुलांचे इंग्रजी सारखेच ओळखतात का? ज्यांच्या बोलण्याचे नमुने यंत्राला कमी मिळाले, त्यांना ते जास्त वेळा 'चूक' ठरवते का? असे होत असेल, तर धीर देण्यासाठी आणलेले साधनच मुलाला गप्प करील. हा माझ्या दृष्टीने या क्षेत्रातला सर्वांत तातडीचा संशोधनविषय आहे, आणि तो पुण्या-मुंबईत बसून होण्यासारखा नाही.

त्यासाठी मोठा निधी लागत नाही. एक शाळा घ्या. मुलांची आणि पालकांची परवानगी घेऊन जूनमध्ये प्रत्येकाचे एका मिनिटाचे वाचन रेकॉर्ड करा आणि एका आलेखावरचा परिच्छेद वहीत लिहून घ्या. तेच काम ऑक्टोबरमध्ये आणि पुन्हा जानेवारीत करा. मध्ये कोणत्या मुलाने कोणते साधन, कुणाच्या फोनवर, किती वाजता वापरले याची वही ठेवा, आणि ज्यांना फोन मिळालाच नाही त्यांची नोंद सोडू नका. व्हिडिओ किती जणांनी पाहिला हा आकडा बाजूला ठेवा, परिच्छेदातली क्रियापदे मोजा. इंग्रजी शिक्षकांचे व्हॉट्सॲप गट तालुक्यातालुक्यात आहेत. त्यांत वर्षानुवर्षे साठलेले प्रश्न, नमुना उत्तरे, शंका हा इंग्रजी अध्यापनाचा जिवंत दफ्तरखाना आहे आणि फोन बदलला की तो पुसला जातो. गटातल्यांना विचारून तो आधी जपून ठेवा. किनवटच्या एखाद्या आश्रमशाळेतून, उदगीरच्या एखाद्या विद्यालयातून आणि नांदेडच्या एखाद्या उर्दू शाळेतून अशा तीन वह्या जरी तयार झाल्या, तरी कोणत्या मुलाला कोणते साधन द्यायचे यावर अंदाजाऐवजी पुराव्याने बोलता येईल. पहिली रेकॉर्डिंग शाळा उघडल्यावर पहिल्या पंधरवड्यातच करून घ्यावी, कारण नंतर घटक चाचणीची गडबड सुरू होते.